आत्याचा तिसरा चित्रपट

आत्याने उभ्या आयुष्यात तीन चित्रपट केले, आणि तिसऱ्यात ती दिसत नाही. घरात हे सगळ्यांना ठाऊक होतं, पण विषय निघाला की जो तो उठून कामाला लागायचा. आत्या गेली आणि भाचीने ठरवलं, आता गप्प बसायचं नाही.

झालं होतं एवढंच. तिसऱ्या चित्रपटाचं काम अर्ध्यावर आलेलं असताना स्टुडिओच्या मालकांनी आत्याला एकटीला बंगल्यावर बोलावलं. तिने सगळ्यांच्या देखत नाही म्हटलं. लगेच तिची दृश्यं कापली गेली आणि दुसरी मुलगी उभी करून ती नव्याने घेतली गेली. वर आवई उठवली, की ही तोंडाळ आहे, कामचुकार आहे. मग कुणीच तिला दारात उभं केलं नाही. ऐन बाविशीत सगळं आटोपलं. पुढे जन्मभर तिने लोकांचे कपडे शिवले.

स्टुडिओ आता मालकांची नात सांभाळत होती. जुने चित्रपट दाखवायची एक छोटी खोली तिने नीट ठेवली होती.

"काकू, त्या काळी असं व्हायचंच हो," सगळं ऐकून ती भाचीला समजुतीने म्हणाली.

"व्हायचं नाही. तुमचे आजोबा करायचे," भाची म्हणाली. "तिचं नाव चित्रपटात घाला. तेवढ्यासाठी आलेय मी."

नातीने तिला त्या खोलीत नेलं आणि तिसऱ्या चित्रपटाचं रीळ यंत्रावर चढवलं. तिने यंत्र सुरू केलं आणि शेजारी येऊन बसली.

पडद्यावर दिवाणखाना होता. दुसरी मुलगी खिडकीशी उभी राहून बोलत होती. नायक उत्तर देत होता, पण बघत होता रिकाम्या खुर्चीकडे. नायकाची आई चहा घेऊन आली आणि तिने कप त्या खुर्चीपुढेच ठेवला.

"हे असं नव्हतं," नात हळूच म्हणाली. "मी कितीदा पाहिलाय हा."

खिडकीतली मुलगी बोलता बोलता अडखळली. कुणी तिच्याकडे बघेना. ती खाली मान घालून दाराबाहेर निघून गेली.

खुर्चीत आत्या बसली होती. बाविशीतली नव्हे. पांढरे विरळ केस, उतरलेले खांदे, शेवटी दवाखान्यात अंगावर होता तोच स्वेटर. ती आपले संवाद बोलू लागली, एकही शब्द न अडखळता. भाचीला रडूही आलं आणि संतापही. एवढं येत होतं हिला. एवढं.

मग आत्याच्या मागे, भिंतीशी, सूट घातलेला एक म्हातारा दिसला.

"आजोबा," नात म्हणाली. "ते कधी कॅमेऱ्यासमोर उभेच राहिले नाहीत."

तो हात जोडून काहीतरी सांगत होता. आवाज येत नव्हता. आत्याने मागे वळून पाहिलं नाही.

नात धावत गेली. यंत्र बंद झालं. खोलीतले दिवे लागले.

पडदा पांढरा झाला. आत्या नव्हती, खुर्ची नव्हती.

म्हातारा तेवढा तसाच उभा होता. त्याचे ओठ हलत होते.