टांग्याची पट्टी

"कोणत्या गाढवानं कापली ही फिल्म?"

गोदाकाठच्या सिनेमाच्या तंबूमागे हारुन करवंट्या घेऊन तणतणत आला. मुक्या चित्रपटाला तो पडद्यामागून आवाज द्यायचा. चित्र पाठ, म्हणून बघायचं कशाला? आज पडद्यावरचा घोडा थांबला, तरी याच्या टापा चालूच! पब्लिक खदाखदा हसलं.

"गाढवानं नाही, मी," सकीना ब्लेड पुसत म्हणाली. तुटक्या फिल्म जोडणं तिचं काम. "पट्टी सडली होती. मियाँ, नजर पडद्यावर ठेवायची... अशी माझ्यावर नाही."

हारुनच्या हातून करवंटी निसटली.

मग रोज खेळाआधी तो विचारायला यायचा – आज कुठं कापलं? सुपात हरभरे घोळवून पाऊस पाडायचा.

"कसा वाटला?"

"अगदी तुझ्यासारखा. नुसता गडगडाट... बरसत काही नाही!"

तो बरसला, पण उशिरा. बोलपट आले, मुंबईच्या स्टुडिओनं असेच आवाज द्यायला त्याला बोलावलं.

"निकाह करू, सकीना. तिथं तुला काम करायची गरज नाही."

सकीनाचं डोकं फिरलं. बाईनं गोधडी जोडली तर गुणाची, फिल्म जोडली तर बिघडलेली! असं म्हणणारेच तंबूत पहिल्या रांगेत बसतात. आणि हारुनही त्यांच्यातलाच?

हारुनच्या शेवटच्या खेळात नायक म्हणतो, घरी चल. नायिका मान खाली घालून टांग्यात बसते. हारुननं करवंट्या उचलल्या... पण टांगा आलाच नाही! नायिकेनं मान ताठ करून थेट समोर पाहिलं, आणि चित्र संपलं. तंबूत शिट्ट्यांचा कल्लोळ.

हारुन धावत आला. "टांगा कुठंय?"

सकीनानं मूठ उघडली. आत गुंडाळलेली पट्टी होती.

"जोडते परत. पण मुंबईत माझं टेबल असेल, माझं काम, माझं नाव. कबूल नसेल तर तू एकटाच जा."

"स्टुडिओवाले बाईला घेणार नाहीत गं..."

"त्यांच्याशी मी भांडेन. तुझं सांग."

हारुन तिच्यासमोर मांडी घालून बसला, फिल्मची दोन्ही टोकं चिमटीत धरली.

"माझी चूक झाली. टेबल आधी लावू... निकाह मग. जोड."

"इतकं घट्ट का धरलंयस?"

"टांगा सुटेल म्हणून."

"नीट धर, मग नाही सुटत," सकीना म्हणाली, आणि चिकटवलेल्या ओल्या जोडावर हळूच फुंकर घातली.