तारेपलीकडची कलमं

कोर्टाच्या व्हरांड्यात तिच्या चष्म्याची काडी निखळली आणि स्क्रू घरंगळत शेजारच्या माणसाच्या बुटाशी जाऊन थांबला. त्यानं तो चिमटीत उचलला, खिशातून करंगळीएवढा स्क्रूड्रायव्हर काढला आणि काडी बसवूनही टाकली.

"खिशात हत्यारं घेऊन कोर्टात येता?"

"चष्म्याचं दुकान आहे माझं. गिऱ्हाईक कुठं भेटेल सांगता येतं का?" त्यानं काचांवर फुंकर मारली, त्या पुसल्या. "घ्या. आता जग स्वच्छ दिसेल."

"जग नको, विरुद्ध पार्टीचा चेहरा दिसला तरी पुरे. कोण मेला नवा आलाय, बघायचंय मला."

तो हसला. एकाच गालावर खळी... आणि तीही नको तितकी गोड! तेवढ्यात आतून पुकारा झाला आणि दोघंही एकदम उठली.

"तुम्ही—?"

"मीच तो... मेला."

तिला धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

तिची रोपवाटिका आणि त्याचं घर यांच्या मधोमध जमिनीचा एक पट्टा होता. दोन्ही घरांकडे त्याचे कागद होते आणि दोन्ही घरांना आपलेच खरे वाटत होते. त्याचे काका वारले, म्हणून दाव्यात आता या पुतण्याचं नाव लागलं होतं. न्यायाधीशबाईंनी आदेश दिला: निकाल लागेपर्यंत तिनं पट्ट्यातल्या गुलाबाच्या कलमांना पाणी घालण्यापुरतं आत जावं; त्यानं तिथे पाऊलही टाकू नये. त्याच्या बाजूनं तार ठोकली गेली.

पण तार गप्पा थोडीच अडवते! ती झारी घेऊन आली की तो नेमका दुकान बंद करून परसात उभा.

"आज माझ्याकडे न बघता पाणी घातलंत. कलमं रुसतील."

"कलमं रुसतील की दुसरंच कोणी?"

"ते... कोर्टात सांगेन."

ती झारीच्या आडून हसायची. विरुद्ध पार्टीवर जीव जडतोय हे तिला कळत होतं, आणि आवडतही होतं. काय करणार!

मग ऐन उन्हाच्या काहिलीत तिला ताप आला. अंथरुणात पडल्या पडल्या एकच घोर—कलमं! वाडीतले गडी रजेवर, आईला गुडघ्यांनी जेरीस आणलेलं, आणि दादा दिवसभर बाहेर. बरी होऊन ती धडपडत पट्ट्यात गेली, तर कलमं टवटवीत. पायाखालची माती ओली.

"दादा, तू पाणी घातलंस?" तिनं घरात येऊन विचारलं.

"मी? मला कुठला वेळ!" दादा खुशीत होता. "तो चष्मेवाला घुसला होता आत. संध्याकाळी घरी आल्यावर मी खिडकीतून फोटो काढलाय. कोर्टाचा अवमान! आता जातोय तुरुंगात, बघच तू. आपल्या वकिलांनी अर्ज टाकलाय."

तिनं दादाचा फोन ओढून घेतला आणि फोटो पाहिला.

तारखेला तो वकिलाशिवाय आला होता. तिचे वकील तावातावानं म्हणाले, "आदेश यांच्यासमोर झाला, फोटो दाखल आहे. आता ऐकायचं काय उरलं?"

"त्यांचं ऐकून घ्या!" ती उभी राहिली. दादानं पदर ओढावा तशी ओढणी ओढली, पण ती बसली नाही. "मीच त्यांना सांगितलं होतं की—"

"नाही, मॅडम," तो घाईनं म्हणाला. "त्यांनी काही सांगितलं नव्हतं. त्या तापानं फणफणल्या होत्या."

न्यायाधीशबाईंनी चष्म्यावरून तिच्याकडे पाहिलं. "खाली बसा. त्यांना वाचवायला खोटं बोललात, तर तुमचीच सुनावणी घ्यावी लागेल मला. आणि वकीलसाहेब, ऐकल्याशिवाय मी कोणालाही आत पाठवत नाही." मग त्याच्याकडे वळून म्हणाल्या, "गेला होतात?"

"गेलो. चुकलो. पाणी घालून बाहेर आलो."

"कलमं तुमची?"

"नाही. त्यांची."

"मग तुमचं काय अडलं होतं?"

त्यानं खिशातला स्क्रूड्रायव्हर चाचपला.

"त्या बऱ्या होऊन आल्या असत्या... आणि सगळी सुकलेली पाहिली असती... तर त्यांचा तो चेहरा मला बघवला नसता."

मागच्या बाकावर कोणीतरी खोकून हसू दाबलं. तिचे कान लालबुंद झाले.

"पट्ट्यावर हक्क सांगायला नव्हता गेलात, हे पटलं मला," न्यायाधीशबाई म्हणाल्या. "माफी लिहून द्या. पण आदेश तो आदेश. पुढच्या वेळी आधी अर्ज करायचा. पाणी घालायलासुद्धा परवानगी मिळते. जमिनीचं दोन्ही बाजू ऐकून ठरेल."

व्हरांड्यात ती त्याच्यासमोर जाऊन उभी राहिली आणि चष्मा काढून त्याच्या हातात दिला. "स्क्रू ढिला झालाय."

त्यानं काडी हलवून पाहिली. "घट्ट आहे की."

"माहितीये मला."

त्यानं काचा पुसून चष्मा तिला परत दिला. मग हळूच म्हणाला, "निकाल तुमच्या बाजूनं लागला तर?"

"तर पाणी तू घाल."

"आणि... माझ्या बाजूनं लागला तर?"

"तरी तूच घाल. मी कलमं बांधीन." पहिल्यांदाच तिनं त्याला 'तू' म्हटलं होतं, आणि ते दोघांनाही कळलं होतं.

"मग तुझ्या घरी यायला परवानगी आहे?"

पायऱ्यांवरून दादा डोळे वटारून बघत होता. तिनं चष्मा डोळ्यांवर चढवला.

"अर्ज कर," ती म्हणाली. "सुनावणी रविवारी, आईसमोर. दादाचंही ऐकून घ्यावं लागेल... पण घाबरू नकोस, तुझ्या बाजूनं मी बोलेन."