जयसिंगकाकांची मूठ

मे महिन्यात लू, ती उत्तरेकडची भाजणारी झळ, सुटली की शहरातल्या दतिया गेटकडच्या गल्ल्या दुपारी ओस पडतात. बासष्ट सालच्या अशाच एका दुपारी नर्स लीला इंजेक्शनची पेटी घेऊन जयसिंगकाकांकडे गेली. त्याच मोहल्ल्यात राहायची ती, आणि महिनाभर तिचा हा रोजचा फेरा होता.

काका फौजेतले निवृत्त हवालदार. रंगरूटांना हातगोळा फेकायला शिकवण्यात त्यांची उमर गेली. "ग्रेनेड म्हणजे अनार," ते गल्लीत सगळ्यांना सांगत. "डाळिंबागत फुटतं नि दाणे उडतात, म्हणून ते नाव. पूर्वी पोकळ गोळ्यात दारू ठासून वात पेटवायचे, नि फेकायला पलटणीतले उंच, धिप्पाड गडी निवडायचे. आता वात नाही, पिन आहे." महिन्यापूर्वी मात्र काका एकाएकी कोसळले. वाचा गेली आणि उजवी मूठ घट्ट मिटली. लकवा, डॉक्टर म्हणाले.

"बेटा, मी इलाइट चौकातून दवा घेऊन येते, तोवर बस," चंपाकाकू म्हणाल्या. "त्यांच्या मुठीतून रक्त आलंय बघ. नखं रुतली असणार."

काकू गेल्या. खोलीत वाळ्याच्या पडद्यांचा ओला वास होता, आणि मधूनच काहीतरी जळाल्यासारखा कडवट वास येत होता. लीलाने इंजेक्शन दिलं, कोमट पाण्यात फडकं भिजवलं आणि मुठीचं एक बोट हळूच उचलायला गेली.

"नको."

ती दचकली. महिनाभरात काकांच्या तोंडून शब्द फुटला नव्हता.

"पिन काढलेली आहे, पोरी. खटका बोटांखाली दाबून धरलाय. सोडला की चार सेकंद..."

"काका, तुमच्या हातात काही नाहीये."

"संभाजीनं ठेवलाय." त्यांची नजर दारावर खिळली होती. "बर्मात, चव्वेचाळीस साली. खंदकात आम्ही दोघंच. त्यानं पिन ओढली नि त्याला गोळी लागली. गोळा मी त्याच्या हातातून घेतला. पण इतरांना शिकवणारा मी, मला फेकायचं सुचलं नाही. तिथंच टाकला नि वळणाआड पळालो. तो जिवंत होता गं. मागून मोजत होता... एक... दोन..."

बाहेर लू घोंघावत होती.

"महिन्याखाली तोच आला. म्हणाला, हवालदारसाहेब, तुमचं तुम्ही सांभाळा, नि गोळा माझ्या मुठीत ठेवला... पोरी, माझा हात फार दुखतोय. घटकाभर धरतेस?"

आजाऱ्याला भास होतात, हे लीलाला ठाऊक होतं. समजूत काढायला तिने हात पुढे केला. काकांनी बोटं सैल केली.

तिच्या तळहातावर वजन आलं. थंडगार, खाचाखाचांचं लोखंड. डोळ्यांना काहीच दिसत नव्हतं, पण खटक्याची पट्टी तिची बोटं आतून उघडायला बघत होती.

किती वेळ गेला तिला कळेना. बोटं बधिर झाली. घामाने पट्टी निसटू लागली.

"काका... मला नाही धरवत..."

"सोडू नको. मी आहे इथं."

खट्.

लीला धावत सुटली. मागून काका मोजत होते, शांतपणे, रंगरूटांसमोर मोजावं तसे. "एक... दोन... तीन..."

अंगणात ती कान दाबून खाली बसली. काहीच झालं नाही. बऱ्याच वेळाने तिने आत डोकावून पाहिलं. फरशी रिकामी होती. काकांचा पंजा उघडा पडला होता, आणि डोळे दाराकडे लागलेले. श्वास थांबला होता.

काकू आल्या तेव्हा लीला उंबऱ्यातच उभी होती. पुढे रडणं झालं, शेजारी धावून आले. जरा निवल्यावर काकूंनी डोळे पुसत तिला जवळ घेतलं.

"तो फौजी कुठं गेला गं?"

"कोण फौजी?"

"मी परतले तेव्हा दारात उभा होता. मराठीच बोलला आपल्यासारखं. एवढ्या उन्हात अंगाला घाम नाही. वाटलं, यांच्या समाचाराला आलाय. पण यांचं विचारलंच नाही. तुझंच विचारलं."

"माझं...?"

"म्हणाला, नर्सबाई कुठल्या हातानं काम करतात? उजव्या की डाव्या?"

लीलाने उजवा हात पाठीमागे नेला. "मग... काय सांगितलंत?"

"उजव्या, म्हटलं. बरं म्हणाला, आणि माझ्या आधी आत शिरला. तू तर उंबऱ्यातच होतीस... तुला दिसला नाही?"