शून्य पूर्णांक चार टक्क्यांचा मतभेद

नाश्त्याच्या टेबलावर, मिठाच्या भांड्याला टेकवून ठेवलेल्या अंतरमापीवर अकरा हा आकडा उमटला.

“परवा नऊ होता,” रोसेर म्हणाली.

“परवा आपण तुझ्या आईविषयी बोललो नव्हतो,” पावाला लोणी लावत हिशाम म्हणाला.

पिरेनीज पर्वतातल्या वाल्मीरा या सहा हजार वस्तीच्या देशात हल्ली बहुतेक घरांत अशीच सकाळ होत असे. तळहाताएवढं ते यंत्र. माणसाने आजवर जे लिहिलं, घरीदारी बोललं, ज्या ठरावांना हात वर केला, ते सगळं त्याला वाचायला द्यायचं. त्यावरून ते माणसाच्या मतांचा एक बिंदू ठरवी. हा बिंदू लांबी, रुंदी आणि उंची या तीनच मितींत नसे, तर चारशे मितींच्या अवकाशात असे. मग दोन बिंदूंमधलं अंतर मोजणं हे साधं गणित होतं. शून्य म्हणजे पूर्ण एकमत, शंभर म्हणजे पूर्ण विरोध. लोक भाडेकरू ठेवण्याआधी, भागीदारी करण्याआधी आणि क्वचित निव्वळ गंमत म्हणूनही ते वापरत.

आज मात्र रोसेरला गंमत सुचत नव्हती. ती ‘वाल्मीरा समता पक्षा’ची चिटणीस होती. निवडणुकीचा अर्ज दुपारी बारापर्यंत द्यायचा होता आणि त्यावर नऊ सदस्यांच्या सह्या लागत होत्या. नववे सदस्य गेल्याच आठवड्यात मुलीकडे फ्रान्सला कायमचे राहायला गेले होते. उरले आठ. बारा जणांच्या विधानसभेत एक जागा मिळाली, तरच ‘दहा महिन्यांचा कायदा’ बदलण्याचा ठराव मांडता येणार होता. त्या कायद्यामुळे हॉटेलांत काम करणाऱ्या परदेशी माणसाला दर दहा महिन्यांनी देश सोडावा लागे. हिशाम हॉटेलात स्वयंपाकी होता, मूळचा मोरोक्कोचा. रोसेरशी लग्न झालेलं असलं तरी ऑक्टोबरमध्ये त्याला जावंच लागणार होतं आणि डिसेंबरमध्ये रोसेर बाळंत होणार होती.

“बोनिफासींकडे जा,” हिशाम म्हणाला.

“ते चाळीस वर्षं आमच्याशी बोललेले नाहीत.”

“तू सव्वीस वर्षांची आहेस. तुझ्याशी कुठे भांडलेत?”

बोनिफासी चांभार होते. दुकानावर पाटी होती : ‘वाल्मीरा समता पक्ष (मूळ), मध्यवर्ती कार्यालय’. पक्षाचे ते एकमेव सदस्य. चाळीस वर्षांपूर्वी गावातल्या गरम पाण्याच्या झऱ्यांवरून समता पक्षात फूट पडली होती. झरे सरकारने ताब्यात घ्यावेत, असं तेव्हा बोनिफासींचं म्हणणं. कामगारांच्या सहकारी संस्थेने चालवावेत, असं पक्षाचं.

“कॉम्रेड, अंतरमापी बघा,” दुकानात शिरताच रोसेर म्हणाली. “तुमच्यात आणि आमच्यात फक्त शून्य पूर्णांक चार टक्के अंतर आहे.”

म्हाताऱ्याचे डोळे चमकले. हातातला बूट खाली ठेवून ते उभेच राहिले.

“आहे ना? अंतर आहे ना? चाळीस वर्षं ओरडून सांगतोय! तुमचे ते लोक म्हणायचे, बोनिफासी उगाच फाटे फोडतो. आता विज्ञानानेच सिद्ध केलं!”

“अहो, पण चार दशांश टक्के...”

“तत्त्वाला आकार नसतो, पोरी.”

रोसेर हताश होऊन स्टुलावर बसली. भिंतीवरच्या घड्याळात दहा वाजून गेले होते. मग तिच्यातली जुनी गणिताची विद्यार्थिनी जागी झाली. अंतर आहे, ठीक. पण कुठल्या दिशेला? तिने फुटीच्या वेळचे ठराव आणि बोनिफासींचं तेव्हाचं राजीनामापत्र यंत्राला दिलं. पडद्यावर चार ठिपके उमटले, दोन जुने आणि दोन नवे. ती बघतच राहिली. मग हसू लागली.

“काय झालं?”

“आजचे तुम्ही चाळीस वर्षांपूर्वीच्या आमच्या पक्षाजवळ आहात. आणि आजचा आमचा पक्ष तुमच्या राजीनामापत्राजवळ! तुम्ही आता काय म्हणता झऱ्यांविषयी?”

“सहकारी संस्थाच हवी. सरकारवर कोण विश्वास ठेवणार?”

“आणि आम्ही मागच्याच वर्षी सरकारीकरणाचा ठराव केला.”

बोनिफासींनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. “म्हणजे मी त्यांना पटवलं?”

“आणि त्यांनी तुम्हाला.”

म्हातारा इतका हसला की खिळ्यांचा डबा लवंडला. “दे तो अर्ज!” ते म्हणाले आणि लगेच थबकले. “नाही. मूळ पक्षातून राजीनामा द्यायला सभेचा ठराव लागतो. ठरावाला अनुमोदक लागतो. माझ्याकडे अनुमोदक नाही. म्हणून तर चाळीस वर्षांत आमचा एकही ठराव मंजूर झालेला नाही.”

“तुमची घटना, तुम्हीच बदला ना!”

“त्यालाही अनुमोदक लागतो.”

पावणेअकरा. रोसेरने कागद ओढला आणि आपल्या पक्षाचा राजीनामा खरडला. मूळ पक्षात तिचं रीतसर स्वागत झालं. बोनिफासींनी विलीनीकरणाचा ठराव मांडला, तिने अनुमोदन दिलं. सभा एकमताने संपली. “अध्यक्षांचे आभार मानायचे राहिले,” बोनिफासी म्हणाले, पण तिने त्यांचा हात धरून त्यांना उतारावरून पळवत नेलं.

बाराला सात मिनिटं असताना निवडणूक कचेरीत नववी सही झाली. कारकुनाने शिक्का मारला. बाहेर पायऱ्यांवर आठही कॉम्रेड म्हाताऱ्याच्या गळ्यात पडले आणि पाचव्या मिनिटाला झऱ्यांवरून भांडू लागले. हिशाम एप्रनसकट धावत आला. त्याने रोसेरला उचलायचा विचार केला, पण तिच्या पोटाकडे बघून नुसतीच मिठी मारली.

“एक जागा मिळेलही,” तो हळूच म्हणाला, “पण ठराव जिंकायला हॉटेलवाल्यांच्या पक्षाची मतं लागतील.”

रोसेरने त्यांच्या नेत्या गिल्येर्मिना यांची भाषणं यंत्राला दिली. अडतीस. हिशामचा चेहरा उतरला.

“आजचं सोड,” गर्दीतून वाट काढत बोनिफासी म्हणाले. “दहा वर्षांपूर्वी किती होतं?”

एकसष्ट.

पायऱ्यांवर एकच जल्लोष झाला. कोणी टोप्या उडवल्या, कोणी गाणं सुरू केलं. बोनिफासी मात्र पडद्यावर वाकून ठिपके न्याहाळत होते.

“थांबा रे,” ते म्हणाले. “तेवीस टक्के जवळ आलो, हे खरं. पण चालून कोण आलं? त्या, की आपण?”