असे पान येथे नाही

दुपार होती आणि काम अगदी साधं होतं. रंग विकणाऱ्या एका कंपनीची वेबसाइट मी घरून सांभाळते. कुणी चुकीचा पत्ता टाकला की यंत्र त्याला "असे पान येथे नाही" असं कळवतं, आणि ते चुकलेले पत्ते मी नंतर चाळते. पलीकडच्या खोलीत बाबा आजारी पडून होते. भिंतीतून त्यांच्या छातीची घरघर सारखी ऐकू यायची.

त्या दिवशी एकाच ठिकाणाहून विचित्र पत्ते येत होते. %E3%82%BF%E3%83%BC... टक्केचिन्हांची माळच. जपानी अक्षरं पत्त्यात जशीच्या तशी बसत नाहीत, म्हणून त्यांचे असे तुकडे होतात. मी ते जोडून पाहिले. निघाली काताकाना, परक्या भाषांतले शब्द लिहायची जपानी लिपी. भाषांतराच्या यंत्राने हात टेकले. मग मीच अक्षरं पुटपुटले.

ता... ई.

ही लिपी मला धाकट्या भावाने शिकवली होती. तो मालवाहू जहाजावर कामाला. इंजिनावरच्या जपानी पाट्या वाचत शिकला, आणि मग आम्ही दोघं घरातलं बोलणं त्यातच लिहायचो. "मुंग्यांचे पाय," बाबा म्हणायचे. गेल्या वर्षी जहाज बुडालं. तो सापडलाच नाही.

पुढचा पत्ता आला. आहेस का.

यंत्राने कळवलं, असे पान येथे नाही.

आहेस का. आहेस का.

मी बाबांना सांगितलं. "कुणीतरी थट्टा करतंय. असतात असली माणसं."

"आणि तू त्याला काय सांगतेस?"

"मी नाही हो, यंत्र सांगतं. पान नाही म्हणून."

"मग कर की एक पान. एवढी शिकलीस ती काय फक्त बापाशी भांडायला?"

मी चिडूनच केलं. त्याच पत्त्यावर एक पान, त्यावर एकच शब्द: आहे.

पान लगेच कुणीतरी उघडलं. खोलीत ओल्या, गंजक्या लोखंडाचा वास पसरला. मी उठून खिडकी उघडली. वास गेला नाही. परत आले तर नवा पत्ता होता.

बाबा.

आणि त्याखाली... बाबा, येता का.

मी पान पुसून टाकलं. त्या ठिकाणाला बंदी घातली. शेवटी नोकरीची पर्वा न करता सगळी वेबसाइटच बंद केली. तरी पडद्यावर तोच पत्ता उमटला. बाबा, येता का. शेजारी यंत्राचं उत्तर होतं, "पान मिळाले."

तसलं पान मी केलंच नव्हतं.

तेवढ्यात लक्षात आलं, भिंतीपलीकडची घरघर थांबली होती.

मी धावले. बाबांचे डोळे मिटलेले, चेहरा शांत.

"बाबा... अहो बाबा..."

फक्त त्यांचं बोट चादरीवर चाललं होतं. एक आडवी रेघ. तिला छेदणारी उभी. दोन्ही बाजूंना एकेक छोटा फटकारा. पुन्हा आडवी, पुन्हा उभी. मी हात घट्ट धरला. तो गार होता आणि ओला. बोट माझ्या तळव्यावर तेच गिरवत राहिलं.

बाबा ती लिपी कधीच शिकले नव्हते. पण मला ते अक्षर येतं.

त्याचा उच्चार "हो".