आयलाबाईंचे संवाद

आयलाबाई फिनलंडच्या. पस्तीस वर्षं त्यांनी सिनेमांच्या पटकथा लिहिल्या, बक्षिसं मिळवली. लेक वारल्यावर मात्र सहा वर्षांत एक ओळ लिहिली नाही. यंदा नागावात माझ्याकडे खोली घेऊन शेवटची पटकथा लिहायला बसल्या. मी चांगदेव, इंग्रजीचा मास्तर होतो. भुताखेतांच्या गप्पा मारणाऱ्यांचा मला भारी कंटाळा.

कथा इथलीच, म्हणून संवाद मराठीत करायचं काम माझं. बाई इंग्रजीत लिहीत. मराठीतलं त्यांना ‘चहा’ आणि ‘पुरे’ एवढंच येई.

तिसऱ्या आठवड्यात एक पान आलं. भरकटलेल्या बोटीतून मुलगी बापाला फोन लावते. तिचं बोलणं तेवढं रोमन अक्षरांत, पण चक्क मराठी होतं.

“बाबा, उचल ना. इंजिन बंद हाय. सकालचा राग न्हाय मना.”

मी ती ओळ पुन्हा वाचली.

माझी लेक जागृती दोन वर्षांपूर्वी रेवसहून बोटीने येताना अशीच गेली. तिने सात वेळा फोन लावला होता. वर्गात फोन न्यायचा नाही, हा शाळेतला नियम मीच केलेला. काय सांगायचं होतं पोरीला, याच विचाराने मी जळत होतो. सकाळी आम्ही भांडलो होतो, ते तर कुणालाच ठाऊक नव्हतं.

“हे कुणी सांगितलं तुम्हाला?”

“मला ऐकू येतं, ते लिहिते. आयुष्यभर तेच केलं.” बाईंनी पान माझ्याकडे वळवलं. “माझी लेक तेवढी गेल्यापासून कधी बोलली नाही. मास्तर, इथे बापाचं वाक्य हवंय. ते तुम्ही लिहा.”

मी लिहिलं, “बोल बाय, ऐकतोय.”

दुसऱ्या दुपारी नवं पान आलं. अक्षर बाईंचंच.

“आता बरं वाटलं, बाबा. माझ्याजवल एक गोरी पोर हाय. तिची भाषा कलत न्हाय. सारखी ‘ऐती, ऐती’ करतेय.”

बाईंचं बोट त्याच शब्दावर होतं.

“एवढंच मला कळलं,” त्या म्हणाल्या. “आमच्यात आईला म्हणतात.”

मी बाकीचं इंग्रजीत करून सांगितलं.

मग त्यांनी कोरा कागद माझ्यापुढे सरकवला. “आता माझं वाक्य मराठीत करा. तुमची मुलगी तिला समजावेल.”

“काय लिहू?”

“लिहा, आई येतेय म्हणावं. थोडं थांब.”