तोंड, घसा साफ

"मी सासऱ्यांना विष घातलं, असं माझा नवरा म्हणतो," सून म्हणाली. "मी घातलं नाही, एवढं तुम्ही त्याला पटवून द्या."

वहिनींनी तिला खुर्ची दिली. त्या खाजगी तपासाची कामं घेत. नवरा गेल्यावरही त्यांनी ऑफिस चालू ठेवलं होतं, आणि मदतीला धाकटे दीर येऊन बसत. ते वहिनी म्हणत, त्या भाऊजी म्हणत, आणि येणारे-जाणारेही तेच उचलत.

सासूबाई वारल्यापासून सासरे एकटेच राहत होते. सून कामावर जाताना त्यांना डबा देई. मग एक दिवस त्यांना घास उतरेना. छातीत आग पडली, दवाखान्यात ठेवावं लागलं. घरी सोडताना मिळालेल्या कागदावर छापलं होतं: दाहक रसायनामुळे अन्ननलिका भाजणे.

"डबा माझाच, दुसरं कोणी काही देत नव्हतं," सून म्हणाली. "तेव्हापासून मी बहिणीकडे राहतेय."

"सासरे काय म्हणतात?"

"काहीच नाही. तेच लागलं मला."

वहिनी आणि भाऊजी आधी दवाखान्यात गेले. तिथे तळघरात कागदांना कोड लावणारा माणूस बसत होता. डॉक्टर आजार शब्दांत लिहितात, त्याने त्याला ठरलेला क्रमांक द्यायचा. त्या क्रमांकाचं नाव मग कागदावर छापून येतं, असं त्याने समजावलं.

"आळसाला कोणता क्रमांक?" भाऊजींनी विचारलं.

"तो आजार नाही, स्वभाव आहे," वहिनी म्हणाल्या. "या रुग्णाचं डॉक्टरांनी काय लिहिलं होतं?"

त्याने पडद्यावर शोधलं. "केमिकलने अन्ननलिकेला सूज. अन्ननलिकेच्या सुजेचे बरेच कोड आहेत. आम्लामुळे, अ‍ॅलर्जीमुळे, इतर कारणांनी. इथे केमिकल दिसलं, म्हणून मी भाजण्याचा लावला."

"डॉक्टरांना विचारलंत?"

"ते दुसऱ्याच दिवशी लांबच्या सुट्टीवर गेले."

"दुर्बिणीच्या तपासणीत काय दिसलं?"

"मधोमध एकच व्रण. तोंड, घसा साफ."

बाहेर आल्यावर भाऊजी म्हणाले, "म्हणजे केमिकल होतंच. पोरगी गोड बोलते, पण काही खरं नाही."

वहिनींनी रिक्षाला हात केला.

सासऱ्यांच्या घरी त्यांचा मुलगा, सुनेचा नवरा, भाजी चिरत होता. बोटांवर कापल्याच्या खुणा होत्या. "आता मी रोज येतो," तो म्हणाला. "स्वतः करतो, आधी मी खातो, मग बाबांना वाढतो."

"आधी कधी येत होतात?"

त्याने मान खाली घातली. "कामाच्या रगाड्यात राहून जायचं. आई होती तेव्हा काळजी नव्हती. ती सकाळी उठवून बसवायची, गोळी हातावर ठेवायची, पाण्याचं भांडं घेऊन उभी राहायची. बाबांना काही बघावं लागत नव्हतं."

सासरे आत पलंगावर बसले होते. एका उशीला अभ्रा होता, दुसरी उघडीच. उशाशी हाडांसाठीच्या गोळ्या होत्या. शेजारी नवाकोरा तांब्या, दुकानाची चिठ्ठीसुद्धा निघाली नव्हती. स्वयंपाकघरातली सरळ पाठीची खुर्ची पलंगाला लावलेली.

"ही खुर्ची इथे कशी?" वहिनींनी विचारलं.

"सकाळी बसतो जरा."

"घरच्याच माणसाने विष घातलं म्हणतात. भीती नाही वाटत?"

"कसली भीती?" ते म्हणाले. "सुनेच्या हाताला चव आहे."

दुसऱ्या दिवशी दुपारी वहिनींनी सुनेलाही तिथेच बोलावलं. ती दाराजवळच उभी राहिली. नवरा ओट्याशी भाजी चिरत होता, त्याने तिच्याकडे पाहिलं नाही.

"डब्यात काही नव्हतं," वहिनी म्हणाल्या. "जाळणारा पदार्थ जेवणातून गेला असता, तर आधी तोंड पोळलं असतं, मग घसा. दोन्ही साफ होते. व्रण एकच, मधोमध. तिथे काहीतरी अडकून विरघळलं."

"काय?" भाऊजींनी विचारलं.

"हाडांची गोळी. ती भरपूर पाण्याबरोबर घ्यायची असते, आणि घेतल्यावर बसून राहायचं असतं. हे सगळं सासूबाई बघत होत्या. त्या गेल्यावर पाणी आणून द्यायला कोणी उरलं नाही. हे पडल्या पडल्या कोरडीच गिळायचे. औषध हेही केमिकलच. डॉक्टरांना तेच म्हणायचं होतं. कोड लावणाऱ्याने विचारलं नाही, आणि कागदावर भाजणं छापून आलं."

मुलगा सुरी धरून तसाच उभा राहिला. "हे बाबांना तरी कसं कळणार?"

"त्यांना कळलं होतं," वहिनी म्हणाल्या. "तांब्या नवा आहे. खुर्ची मुद्दाम आणलेली आहे. आता ते पाण्याबरोबर गोळी घेतात आणि बसून राहतात. डॉक्टरांनी जाण्याआधी त्यांना सांगितलं असणार. आणि विषाची त्यांना भीतीच नाही. भाऊजी, आपल्याला विष घातलंय असं खरंच वाटणारा माणूस चवीचं कौतुक करत नाही."

सासरे चादरीची घडी बोटांनी सरळ करत राहिले.

"पहिल्याच दिवशी सांगणार होतो," ते शेवटी म्हणाले. "हा भाजी घेऊन आला. माझ्यासमोर बसून जेवला. म्हटलं, उद्या सांगू. उद्याही हा आला."

"आणि मी?" सुनेने विचारलं.

"तुझं काय होतंय ते दिसत होतं मला," ते म्हणाले. "तरी बोललो नाही."

सून वळली आणि जिना उतरू लागली. मुलाने सुरी ओट्यावर ठेवली. तो बापाकडे पाहत क्षणभर थांबला, मग चपला न घालताच तिच्यामागे धावला. खालून त्याच्या हाका ऐकू येत राहिल्या. मग त्याही थांबल्या.

अर्धवट चिरलेली भाजी ओट्यावर पडून होती. भाऊजींनी घसा खाकरला. "निघू या का, वहिनी?"

"तो परत येईल?" सासऱ्यांनी विचारलं.

"आज नाही," वहिनी म्हणाल्या. "आज त्याने तिच्याकडेच असायला हवं."

सासऱ्यांनी मान हलवली. दाराकडे बघत राहिले. मग म्हणाले, "तुम्हाला घाई असेल."

वहिनींनी भाऊजींना पुढे व्हायला सांगितलं. दार लोटून घेतलं, पर्स खाली ठेवली, आणि उरलेली भाजी चिरायला घेतली.